समुद्रमंथनाचा तह: देव-असुरांचा करार नेमका कुठे फसला?

मराठी लग्नात 'लक्ष्मीः कौस्तुभपारिजातकसुरा' हे मंगलाष्टक हमखास म्हटलं जातं. समुद्रातून निघालेल्या चौदा रत्नांची ती यादी आहे. त्यामुळे मंथनातून काय काय निघालं हे आपल्याकडे शाळकरी पोरालाही ठाऊक असतं. पण ही रत्नं निघायच्या आधी एक तह झाला होता, हे फारसं कुणी सांगत नाही. एकमेकांचे हाडवैरी असलेले दोन पक्ष, दोघांकडेही मंत्र, माया आणि विद्या यांचं बळ, आणि त्यांच्यात रीतसर बोलणी होऊन ठरलेला करार. मध्यस्थ होता, गुप्त हेतू होता, तिसरा पक्ष होता, आणि शेवटी करार मोडल्यावर युद्धही झालं.

मला ही कथा तह म्हणून वाचायला आवडते, कारण तशी वाचली की तिच्यातली प्रत्येक लहान गोष्ट बोलू लागते. देवांनी काय कबूल केलं, असुरांनी काय गृहीत धरलं, कुठलं कलम लिहायचंच राहिलं, हे सगळं मूळ ग्रंथांत आहे. इथे मी मुख्यतः भागवताच्या आठव्या स्कंधातले पाच ते अकरा हे अध्याय घेतले आहेत. विष्णुपुराण आणि महाभारत यांत हीच कथा थोडी वेगळी येते. जिथे फरक महत्त्वाचा आहे तिथे तो सांगेन.

तहाची गरज कोणाला होती?

देवांना. विष्णुपुराणात त्याची सुरुवात दुर्वासांच्या माळेने होते. दुर्वासांनी इंद्राला एक दिव्य माळ दिली, त्याने ती ऐरावताच्या डोक्यावर ठेवली आणि हत्तीने सोंडेने ओढून ती जमिनीवर फेकली. दुर्वासांनी शाप दिला आणि तिन्ही लोकांतली श्री नाहीशी झाली. भागवत माळेची कथा सांगत नाही, शापाचा नुसता उल्लेख करून थेट परिणामावर येतं: देव लढाईत पडत होते आणि पडलेले उठत नव्हते. तिकडे असुरांचा राजा होता बळी, प्रल्हादाचा नातू. काळ त्याच्या बाजूने होता.

अशा वेळी देव ब्रह्मदेवाला पुढे घालून विष्णूकडे गेले. त्याने दिलेला सल्ला म्हणजे मुत्सद्देगिरीचा धडाच आहे. आधी असुरांशी तह करा, तुमचे दिवस पालटेपर्यंत तो ठेवा, असं तो म्हणतो. म्हणजे हा तह कायमचा नव्हता, मुदतीचा होता, आणि ती मुदत फक्त एकाच पक्षाला ठाऊक होती. मग येतो तो प्रसिद्ध श्लोक: 'अरयोऽपि हि सन्धेयाः सति कार्यार्थगौरवे', काम मोठं असेल तर शत्रूशीही जुळवून घ्यावं. त्याच श्लोकात पुढे साप आणि उंदराचा दाखला आहे. त्यामागची गोष्ट टीकाकार सांगतात ती अशी: टोपलीत कोंडलेल्या सापाने उंदराशी मैत्री केली, उंदराने टोपली कुरतडून वाट केली, आणि बाहेर पडताना सापाने उंदराला खाल्लं. सल्ला ऐकणाऱ्या देवांना आपण साप आहोत की उंदीर हे विचारावं लागलं नसेल.

पुढच्या सूचना अगदी व्यवहारी आहेत. असुर जे मागतील त्याला हो म्हणा, रागावून जे साधत नाही ते गोडीने साधतं. समुद्रातून काळकूट विष निघेल, त्याला भिऊ नका. आणि ज्या वस्तू निघतील त्यांचा लोभ धरू नका, त्यांच्यावरून चिडू नका. या साऱ्यामध्ये एक अर्धा श्लोक असा आहे की तो वाचल्यावर मी पुस्तक मिटून थोडा वेळ बसून राहतो: 'क्लेशभाजो भविष्यन्ति दैत्या यूयं फलग्रहाः'. कष्टात दैत्यांचा वाटा असेल, फळ तुम्ही घ्याल. विष्णुपुराण आणखी स्पष्ट आहे. तिथे विष्णू देवांना सांगतो की दैत्यांना सामोपचाराने सांगा, फळ दोघांना सारखं मिळेल. आणि लगेच पुढे म्हणतो की त्यांना अमृत मिळणार नाही अशी व्यवस्था मी करीन, त्यांच्या वाट्याला फक्त श्रम येतील.

म्हणजे करार होण्याआधीच एका पक्षाने तो न पाळण्याचं ठरवलं होतं. ग्रंथ हे लपवत नाही. आपण कथा सांगताना मात्र हा भाग गाळतो.

बळीच्या दरबारात

देव शस्त्रांशिवाय बळीकडे गेले. वैरी निःशस्त्र समोर आलेले पाहून असुरांचे सेनानायक खवळले. एवढी सोपी संधी पुन्हा कधी मिळणार? बळीने त्यांना थांबवलं. त्या जागी भागवत बळीला जे विशेषण देतं ते असं: तह कधी करावा आणि युद्ध कधी करावं हे जाणणारा. शत्रुपक्षाच्या राजाबद्दल ग्रंथकर्त्याने काढलेला हा उद्गार आहे. इंद्राने विष्णूने शिकवलेलं सगळं गोड शब्दांत मांडलं. बळीला ते पटलं, आणि शंबर, अरिष्टनेमी यांच्यासारखे इतर असुर नायक आणि त्रिपुरात राहणारे यांनाही ते पटलं. मग दोन्ही पक्षांनी एकमेकांशी समेट करून अमृतासाठी मोठा उद्योग आरंभला.

आता या करारात काय ठरलं ते पाहू. मिळून मंथन करायचं. अमृत काढायचं. एवढंच. मिळालेलं अमृत कोणी हातात घ्यायचं, कोणत्या क्रमाने वाटायचं, एकाने घात केला तर दुसऱ्याने कोणाकडे दाद मागायची, मधल्या काळात दुसरं काही निघालं तर ते कोणाचं, यातलं काहीही ठरलं नाही. काम कसं करायचं हे ठरलं आणि फळ कसं वाटायचं ते सोडून दिलं. माझ्या मते हा तह तिथेच फसला, बाकी सगळं त्यातून ओघाने आलं.

एका तिसऱ्या पक्षाचीही आठवण ठेवायला हवी. मंदार पर्वताची रवी झाली, पण दोर हवा होता. त्यासाठी वासुकी नागाला बोलावलं ते 'फलभागेन', म्हणजे फळात वाटा देऊ असं सांगून. सगळ्यात जास्त अंग झिजलं ते त्याचं. आणि अमृत वाटायची वेळ येते तेव्हा भागवतात वासुकीचं नावही येत नाही. कथा ऐकताना कोणी त्याच्याबद्दल विचारत नाही, याचं मला वाईट वाटतं.

कामाच्या जागी

मंदार पर्वत उपटून समुद्राकडे नेताना तो जड झाला, हातातून सुटला आणि त्याखाली देव आणि असुर दोघेही चिरडले गेले. विष्णूने त्यांना पुन्हा उठवलं आणि पर्वत गरुडावर ठेवून किनाऱ्यावर आणला. पुढे पर्वत समुद्रात बुडू लागला तेव्हा तोच कासव होऊन खाली गेला. मध्यस्थानेच कामाचा भार पाठीवर घ्यावा, हे या तहाचं एक वेगळेपण.

दोर धरण्यावरून पहिला खटका उडाला. विष्णूने आधी वासुकीच्या तोंडाची बाजू धरली, देव त्याच्यामागे उभे राहिले. असुर म्हणाले, शेपटी हे सापाचं अमंगळ अंग, आम्ही ती धरणार नाही. आम्ही वेदशास्त्र शिकलेले, जन्माने आणि कर्माने थोर. विष्णू हसला, तोंडाची बाजू सोडली आणि देवांसह शेपटीकडे गेला. मानाची जागा हट्टाने घेतलेल्या असुरांना मग वासुकीच्या फुत्कारांतून निघणारी आग आणि धूर सोसावे लागले. भागवत नावं देतं: पौलोम, कालेय, बळी, इल्वल. वणव्यात होरपळलेल्या झाडांसारखे ते झाले. देवांनाही झळ लागलीच, पण त्यांच्यावर ढगांनी पाऊस धरला.

कंबोडियातल्या अंगकोर वाटच्या मंदिरात, बाराव्या शतकात कोरलेल्या भिंतीवर हा प्रसंग एका लांबच लांब पट्ट्यात आहे. एका बाजूला असुर, दुसऱ्या बाजूला देव, मध्ये विष्णू, सगळ्यांचे हात त्या एकाच सापाला. ते शिल्प पाहताना दोन्ही रांगा किती सारख्या आहेत हे जाणवतं. मुकुट आणि चेहरे सोडले तर ओढण्याचा जोर तोच आहे.

हालाहलाचा भाग सर्वांना पाठ आहे, म्हणून थोडक्यात: तोट्याची वाटणी करारात नव्हती, आणि तोटा आधी आला. दोन्ही पक्षांपैकी कोणीही तो घेऊ शकत नव्हतं. कराराशी ज्याचा काही संबंध नव्हता त्या शंकराने तो घेतला.

त्यानंतर रत्नं निघू लागली आणि प्रत्येक वस्तू जागच्या जागी वाटली गेली. सुरभी गाय यज्ञाच्या हविर्द्रव्यासाठी ऋषींनी घेतली. उच्चैःश्रवा घोडा निघाला तेव्हा बळीला तो हवासा वाटला. इंद्राने इच्छा धरली नाही, कारण त्याला तसं शिकवलं होतं. कौस्तुभ विष्णूने घेतला. लक्ष्मीने सगळ्यांकडे नीट पाहून, प्रत्येकातला गुण आणि उणीव तोलून, विष्णूला वरलं. वारुणी असुरांनी घेतली, विष्णूच्या संमतीने. या सगळ्यात भांडण झालं नाही. इतक्या वस्तू शांतपणे वाटल्या गेल्यामुळे असुरांचा विश्वास बसला असणार की शेवटची वस्तूही अशीच वाटली जाईल. पण बाकी रत्नं म्हणजे मूळ करारात नसलेला वरचा लाभ होता. ज्यासाठी तह झाला ती वस्तू अजून पाण्यातच होती.

पंगत

धन्वंतरी कलश घेऊन वर आला आणि असुरांनी तो हिसकावला. इथे नीट पाहायला हवं: करार उघडपणे आधी मोडला तो असुरांनी. देवांच्या मनात दगा आधीपासून होता, पण हात आधी असुरांचा पडला. कोण दोषी हे ठरवताना या दोन्ही गोष्टी पुढ्यात ठेवल्याशिवाय निवाडा होत नाही.

कलश हाती आल्यावर असुरांत 'मी आधी, मी आधी, तू नाही' असं सुरू झालं. त्या गोंधळात काही असुर म्हणाले की देवांनीही सारखेच कष्ट केले आहेत, सत्रयागासारखा त्यांनाही त्यांचा भाग मिळाला पाहिजे, हाच सनातन धर्म आहे. भागवत लगेच सांगतं की हे म्हणणारे दुबळे होते आणि त्यांच्या मनात मत्सर होता. तरी त्यांचा मुद्दा पक्का आहे. साध्या यज्ञात यजमान एक असतो. फळ त्याचं, पुरोहितांना दक्षिणा. सत्रात मात्र बसलेले सगळेच यजमान आणि सगळेच पुरोहित असतात, म्हणून फळही सगळ्यांचं सारखं. कराराचं जे कलम कोणी उच्चारलं नव्हतं ते या दुबळ्या असुरांनी नेमकं सांगितलं. ते ऐकलं गेलं असतं तर पुढचं युद्ध झालं नसतं. सबंध कथेत न्याय्य वाटणीचा विचार स्पष्ट शब्दांत मांडणारे हेच, आणि त्यांची नावंसुद्धा ग्रंथात नाहीत.

तेवढ्यात मोहिनी आली, म्हणजे स्त्रीरूप घेतलेला विष्णूच. असुरांनी तिलाच विनवलं, आम्ही सगळे कश्यपाची मुलं, भाऊ-भाऊ भांडतो आहोत, तू न्यायाने वाटून दे. ती हसून म्हणाली, माझ्यासारखीवर विश्वास कसा ठेवता? त्यांनी तो थट्टेचा भाग मानला आणि कलश तिच्या हाती दिला. तेव्हा तिने अट घातली: मी जे करीन ते बरं असो की वाईट, तुम्हाला मान्य असेल तरच वाटते. असुरांनी हो म्हटलं.

हा दुसरा करार आहे, आणि तो पहिल्याला गिळून टाकतो. पहिल्यात वाटणीची पद्धत नव्हती. दुसऱ्यात पद्धत ठरवायचा सगळा अधिकार वाटणारीकडे गेला आणि तक्रार करायचा हक्कही आगाऊ सोडून दिला गेला. कोऱ्या कागदावर सही दिली.

मग जे होतं ते ओळखीचं आहे. सगळ्यांनी उपास केला, स्नान केलं, अग्नीत आहुती दिली, दानं दिली, नवी वस्त्रं नेसली आणि पूर्वेकडे टोकं केलेल्या दर्भांवर बसले. धूपदिवे लागले, माळा लागल्या. मोहिनीने देव आणि असुर यांच्या वेगळ्या पंगती मांडल्या. आपल्याकडे पंगतीत वाढताना भेदभाव करणं याला पंक्तिप्रपंच म्हणतात आणि तो मोठा दोष मानतात. वाढप्याने एकाच्या पानात तूप ओतून दुसऱ्याच्या पानाकडे न बघता पुढे जाणं घरच्या कार्यात कोणी खपवून घेत नाही. इथे तेच घडलं. असुरांच्या पंगतीजवळून ती गोड बोलत फिरत राहिली आणि दूर बसलेल्या देवांना अमृत पाजत राहिली. भागवताने यासाठी 'वञ्चयन्' हाच शब्द वापरला आहे, फसवत. त्याची बाजूही दिली आहे: असुरांना अमृत देणं म्हणजे सापाला दूध पाजण्यासारखं, असं मानून अच्युताने ते दिलं नाही.

आणि असुर? ते गप्प बसले. ग्रंथ कारणं देतो: एक तर आपण दिलेला शब्द पाळायचा होता, दुसरं म्हणजे तिच्यावर जीव जडला होता, आणि स्त्रीशी वाद घालणं त्यांना लाजिरवाणं वाटत होतं. यातली पहिली गोष्ट मला फार मोठी वाटते. कलश हिसकावणारे हेच असुर. पण स्वतःच्या तोंडाने दिलेल्या शब्दापाशी आल्यावर ते डोळ्यांदेखत फसवले जात असताना जागचे हलले नाहीत. एकच हलला, राहू. तो देवांचा वेष घेऊन त्यांच्या पंगतीत जाऊन बसला, सूर्य-चंद्रांनी ओळखून दिला आणि त्याचं डोकं उडवलं गेलं. अमृत लागलेलं डोकं तेवढं अमर झालं. पहिल्या कराराप्रमाणे मिळायला हवं होतं ते असुरांपैकी एकालाच मिळालं, तेही मानेपर्यंत.

अमृत संपल्यावर मोहिनीने आपलं खरं रूप दाखवलं आणि समुद्रकिनाऱ्यावर युद्ध पेटलं. इंद्राने बळीला मारलं. शेवटी ब्रह्मदेवाने नारदाला पाठवून लढाई थांबवली. उरलेल्या असुरांनी बळीला अस्त पर्वतावर नेलं आणि शुक्राचार्यांनी संजीवनी विद्येने त्याला उठवलं. भागवत म्हणतं, हरला तरी बळी खचला नाही, कारण जगाची रीत तो जाणत होता.

शब्द पाळला, वचन मोडलं

मंथनाचा तह फसला तो शब्द कमी पडल्यामुळे. याच देव-असुरांच्या कथांत उलट प्रकारचेही तह आहेत, ज्यांत शब्द काटेकोर होते आणि तरी घात झाला.

महाभारताच्या उद्योगपर्वात शल्य युधिष्ठिराला इंद्र आणि वृत्र यांच्या तहाची कथा सांगतो. (शल्य स्वतः नुकताच शब्दात अडकून आला होता. वाटेत झालेलं आदरातिथ्य युधिष्ठिराचं समजून त्याने वर देऊ केला, आणि तो निघाला दुर्योधनाचा. ही कथा त्याच्या तोंडी यावी, हे व्यासांचं कौशल्य.) वृत्राने इंद्राला गिळलं होतं, देवांनी त्याला जांभई आणली तेव्हा इंद्र तोंडातून सुटला. शेवटी ऋषींनी मध्यस्थी केली. वृत्राने आधी शंका काढली की दोन तेजस्वी पुरुषांत मैत्री टिकणार कशी. मग स्वतःला कशाने आणि कधी मारायचं नाही याच्या अटी घातल्या: कोरड्याने नाही, ओल्याने नाही, दगडाने नाही, लाकडाने नाही, शस्त्राने नाही, वज्राने नाही, दिवसा नाही, रात्री नाही. ऋषी म्हणाले, ठीक. तह झाला.

इंद्र तेव्हापासून फट शोधत राहिला. एका सांजवेळी समुद्रकाठी वृत्र दिसला. दिवस नव्हता, रात्रही नव्हती. पाण्यावर डोंगराएवढा फेस होता. तो कोरडा नव्हता, ओला नव्हता, शस्त्रही नव्हता. विष्णू त्या फेसात शिरला, इंद्राने तो वज्रासह फेकला आणि वृत्र मेला.

शल्यपर्वात हाच प्रकार नमुचीच्या बाबतीत आहे आणि तो जास्त बोचतो, कारण तिथे इंद्र मध्यस्थामार्फत नाही, स्वतः शपथ घेतो आणि नमुचीला 'सखे' म्हणतो. पुढे धुकं पडलेलं पाहून त्याने पाण्याच्या फेसाने नमुचीचं डोकं उडवलं. ते तुटलेलं डोकं इंद्राच्या मागे लागलं, मित्राला मारणाऱ्या पाप्या, असं म्हणत. इंद्र ब्रह्मदेवाकडे धावला, आणि सरस्वतीला जिथे अरुणा मिळते तिथे स्नान केल्यावर त्याची सुटका झाली. फेसाने डोकं उडवल्याची गोष्ट ऋग्वेदातही आहे, आठव्या मंडलात. म्हणजे हा प्रसंग कितीतरी जुना.

यातून तहाबद्दल एक गोष्ट शिकता येते. वृत्राने घातलेल्या अटी म्हणजे बंदी असलेल्या साधनांची यादी होती. यादी कितीही लांब केली तरी तिच्याबाहेर काहीतरी उरतंच. 'मारायचं नाही' एवढं एकच वाक्य त्या सगळ्या यादीपेक्षा भक्कम ठरलं असतं. आणि महाभारत इंद्राला शब्दांच्या आड लपू देत नाही. वृत्रवधानंतर असत्याने आणि आधी मारलेल्या त्रिशिरा या ब्राह्मणाच्या हत्येने ग्रासलेला इंद्र पाण्यात जाऊन दडला, स्वर्गाला राजा उरला नाही, आणि देवांना नहुष नावाच्या माणसाला गादीवर बसवावं लागलं. कलम मोडलं नव्हतं, तरी वचन मोडलं होतं, हे ग्रंथाला पक्कं ठाऊक आहे.

मग शत्रूशी तह करावा तरी कसा?

याचं सगळ्यात सुंदर उत्तर शांतिपर्वात आहे. शरपंजरी पडलेला भीष्म युधिष्ठिराला पलित नावाच्या उंदराची गोष्ट सांगतो. लोमश नावाचं मांजर पारध्याच्या जाळ्यात अडकलंय. पलिताच्या एका बाजूला मुंगूस टपलंय, झाडावर घुबड बसलंय. उंदीर मांजराला म्हणतो, मला तुझ्या कुशीत घे, मी तुझे पाश तोडतो. दोघांचं जमतं, मुंगूस आणि घुबड निराश होऊन जातात. मग उंदीर हळूहळू कुरतडायला लागतो. मांजर घाई करतं. उंदीर शांतपणे सांगतो, वेळ आल्याशिवाय नाही. तू आधी सुटलास तर मला तुझीच भीती आहे. पहाटे पारधी दिसतो तेव्हाच तो शेवटचा दोर तोडतो. मांजर जिवाच्या आकांताने झाडावर पळतं, उंदीर बिळात. नंतर मांजर गोड बोलून बोलावतं, आणि पलित जात नाही. काम होतं तोवर मैत्री होती, काम संपलं, असं तो स्पष्ट सांगतो.

मंथनातल्या साप-उंदराच्या दाखल्याशेजारी ही गोष्ट ठेवून पाहा. दोन्हीकडे शत्रूशी तह आहे, दोन्हीकडे उंदीर कुरतडतो. पण पलिताने शेवटचा दोर आपल्या हाती ठेवला, दोघांची सुटका एकाच क्षणी होईल अशी वेळ साधली. कोणाला दगा द्यायला वावच राहिला नाही. बळीने यातलं काहीच केलं नाही. त्याने कष्ट आधी दिले आणि फळ नंतरवर सोडलं.

कौटिल्याने अर्थशास्त्राच्या सातव्या अधिकरणात याच प्रश्नाचा काथ्याकूट केला आहे. आधीच्या आचार्यांचं मत असं की नुसत्या शब्दावर किंवा शपथेवर केलेला तह डळमळीत असतो, जामीन किंवा ओलीस घेतलेला तह पक्का. (पुरंदरच्या १६६५ च्या तहात आठ वर्षांच्या संभाजीराजांना मिर्झाराजांच्या छावणीत का राहावं लागलं, ते इथे कळतं.) कौटिल्य म्हणतो, नाही. शपथेचा तह इहलोकी आणि परलोकी दोन्हीकडे पक्का असतो. जामीन आणि ओलीस फक्त इथेच उपयोगी, आणि तेही बळावर अवलंबून. ज्याला आपण सगळ्यात धूर्त समजतो त्याचं हे म्हणणं आहे, म्हणून ते लक्षात ठेवावंसं वाटतं. मला वाटतं नमुचीचं मागे लागलेलं डोकं त्याला समजलं असतं.

नेवासे, राहुरी आणि बळीराजा

या तहाच्या खुणा आपल्या घराजवळ आहेत. ज्या नेवाशात ज्ञानेश्वरी सांगितली गेली तिथे प्रवरेकाठी मोहिनीराजाचं मंदिर आहे. अमृताची पंगत इथेच बसली, असं तिथले लोक सांगतात. प्रवरेला अमृतवाहिनी म्हणतात. लोककथेत राहूचं शिर पडलं ते राहुरीला आणि काया पडली ती कायगावला. गोव्यात म्हार्दोळला म्हाळसेचं देऊळ आहे, तीही मोहिनीचंच रूप मानली जाते. नाशिकच्या सिंहस्थाची कथाही अमृताच्या थेंबांशी जोडलेली आहे. भागवतातल्या मंथनकथेत मात्र ते थेंब नाहीत.

पण मला सगळ्यात महत्त्वाची खूण वाटते ती पाडव्याची. 'इडा पिडा टळो, बळीचं राज्य येवो' असं आपल्या आयाबाया ओवाळताना म्हणतात तो बळी, आणि निःशस्त्र देवांवर हात टाकू पाहणाऱ्या आपल्याच नायकांना थांबवून तह करणारा बळी, एकच. हे दोन बळी आपल्या मनात वेगवेगळ्या कप्प्यांत राहतात. भागवतात मात्र आठव्याच स्कंधात मंथनानंतर काही अध्यायांनी तो पुन्हा येतो. शुक्राचार्यांनी उठवल्यावर त्याने विश्वजित यज्ञ केला, स्वर्ग जिंकला आणि मग वामन त्याच्या दारात आला. शुक्राचार्यांनी बजावलं, हा विष्णू आहे, देऊ नकोस, नाही म्हण. मंथनाचा अनुभव गाठीशी असलेल्या माणसाने तेव्हा नाही म्हटलं असतं तर कोणी बोल लावला नसता. तो म्हणाला, प्रल्हादाचा नातू मी, देतो म्हणून झाल्यावर नाही कसं म्हणू?

त्यानंतर विष्णूने त्याला सुतळ दिलं, त्याच्या दारावर स्वतः राखण करायचं कबूल केलं, आणि आणखी एक वचन दिलं: पुढच्या, म्हणजे आठव्या सावर्णी मन्वंतरात इंद्रपद बळीचं. सध्या सातवं, वैवस्वत मन्वंतर चालू आहे.